वर्षं नका विचारू, पिंपं कशी भरतात ते विचारा

प्रश्न थोडक्यात असा आहे. पुण्याचं एक कुटुंब सप्टेंबरच्या शेवटी आई-बाबांना घेऊन इटलीतल्या बोलोन्यात चार दिवस राहणार आहे. आई पूर्ण शाकाहारी, बाबांचे गुडघे दुखतात. जवळच मोदेना आहे, तेव्हा पारंपरिक बाल्सॅमिक व्हिनेगर, म्हणजे लाकडी पिंपांत वर्षानुवर्षं मुरवलेला आंबट-गोड द्राक्षरस, करणाऱ्या एखाद्या घरी जाऊन बघावं, चाखावं अशी इच्छा आहे. पण शेवटी महागडी बाटली गळ्यात मारतात असंही त्यांच्या कानावर आलंय. जावं का, कुठे जावं, आणि 12 वर्षांच्या आणि 25 वर्षांच्या बाटलीत खरंच एवढा फरक असतो का?

जरूर जा. मी गेली 14 वर्षं मोदेनात राहते, पाहुण्यांना अशा घरांमध्ये घेऊन जाणं हा माझा व्यवसाय आहे, आणि हिवाळ्यात एका कुटुंबाच्या माळ्यावर पिंपं भरायला हाताशी असते. इतक्या वर्षांत आई-वडिलांना घेऊन आलेली जी मराठी मंडळी भेटली, त्यांच्यातल्या वडीलधाऱ्यांनाच हा प्रकार सगळ्यात लवकर कळतो असं मला दिसलंय. ज्यांनी घरात मुरांबा, लोणचं, मोरावळा घातलाय, त्यांना ‘मुरणं’ म्हणजे काय ते समजावून सांगावं लागत नाही. आणि हा सगळा पदार्थच मुरण्याचा आहे.

आधी एक घोळ दूर करते, कारण त्यावर पुढचं सगळं अवलंबून आहे. आपल्याकडे सुपरमार्केटमध्ये बाल्सॅमिक म्हणून मिळतं आणि सॅलडवर ओततात, ती वस्तू वेगळी. तिचं नाव ‘अचेतो बाल्सामिको दी मोदेना’, तिला युरोपची आयजीपी मान्यता, म्हणजे ठरावीक प्रदेशाच्या नावाला मिळणारं संरक्षण, 2009 मध्ये मिळाली. त्यात द्राक्षाच्या रसाबरोबर वाइन व्हिनेगर असतं, रंगासाठी 2 टक्क्यांपर्यंत कॅरॅमल चालतं, आणि किमान 60 दिवस लाकडाच्या सहवासात ठेवलं की काम झालं. तुम्ही जे बघायला जाताय त्याच्या नावात ‘त्रादित्सिओनाले’ हा शब्द जास्तीचा आहे. त्याची मान्यता डीओपी, म्हणजे त्याच प्रकारची पण जास्त कडक, 2000 सालची. त्यात फक्त शिजवलेला द्राक्षरस असतो, दुसरं काही नाही. कमीत कमी 12 वर्षं. शेजारच्या रेज्जो एमिलिया जिल्ह्याचं स्वतःचं असंच वेगळं डीओपी आहे. साधं आयजीपी वाईट असतं असं अजिबात नाही, माझ्या स्वयंपाकघरात ते रोज लागतं. पण ते बघायला विमानाने येण्याची गरज नाही.

बाल्सॅमिक करणाऱ्या घराला इथे ‘अचेताया’ म्हणतात, अचेतो म्हणजे व्हिनेगर. वाइन तळघरात ठेवतात, बाल्सॅमिक मात्र घराच्या अगदी वर, कौलांखालच्या माळ्यावर. यामागे पक्कं कारण आहे. पो नदीच्या या सपाट खोऱ्यात उन्हाळा भाजून काढणारा असतो आणि हिवाळा धुक्याचा, गारठ्याचा. कौलांखाली हा फरक आणखी तीव्र होतो. उन्हाळ्यात माळा तापतो, पिंपातला रस आंबतो, त्यातलं पाणी लाकडातून आणि तोंडातून उडून जातं, रस आटत जातो. हिवाळ्यात सगळं थंडावतं, गाळ खाली बसतो, रस नितळ होतो. तापणं आणि निवणं हे चक्र वर्षानुवर्षं चालतं. तळघरात एकसारखं तापमान असतं, तिथे हे काम होणारच नाही.

पण माळ्यावर येण्याआधी रस शिजवतात, आणि तुम्ही सप्टेंबरच्या शेवटी येताय हे नशीब समजा, कारण तोच द्राक्षतोडणीचा आणि रस शिजवण्याचा काळ असतो. द्राक्षं मुख्यतः त्रेब्बियानो ही पांढरी आणि लाम्ब्रुस्को ही काळी, सगळी याच जिल्ह्यातली. रस काढला की तो आंबायच्या आत उघड्या कढईत चढवतात. नियम म्हणतो निदान 80 अंश तापमानावर अर्धा तास, पण चांगली घरं मंद आचेवर बारा-बारा तास, कधी त्याहून जास्त वेळ शिजवतात आणि रस निम्म्यावर किंवा त्याहून खाली आणतात. मी कोल्हापूरकडची. पहिल्यांदा ही कढई पाहिली तेव्हा मला आमच्या शेजारच्या मळ्यातलं गुऱ्हाळ आठवलं. तीच पसरट काहील, वर येणारी मळी झाऱ्याने काढत बसणारा माणूस, अंगाला चिकटणारी गोड वाफ. फरक इतकाच की गुऱ्हाळात रस काकवीच्या पुढे नेऊन गूळ करतात, इथे काकवीच्या बऱ्याच अलीकडे थांबतात. फार आटवला तर साखर इतकी वाढते की पुढे आंबवणारे जीव त्यात काम करू शकत नाहीत. रस गार झाला की यीस्ट साखरेचा अल्कोहोल करतं आणि मग जिवाणू त्या अल्कोहोलचं आम्ल करतात. बाहेरून विरजण म्हणून जे काही लागतं ते जुन्या पिंपात आधीच नांदत असतं.

माळ्यावर गेलात की लहान-मोठ्या लाकडी पिंपांची रांग दिसेल. एका रांगेला ‘बात्तेरिया’ म्हणतात. साधारण पाच, सहा, सात पिंपं, उतरत्या आकाराची, सर्वांत मोठं 60-70 लिटरचं आणि सर्वांत छोटं 10-15 लिटरचं, भातुकलीतलं वाटावं असं. प्रत्येकाचं लाकूड वेगळं. चेस्टनट रंग देतं, चेरी गोडवा देते, तुतीचं लाकूड सच्छिद्र असल्याने त्यात रस लवकर आटतो, जुनिपर राळेसारखा तिखट वास देतो, ओक घट्ट विणीचं म्हणून बहुधा शेवटच्या छोट्या पिंपासाठी राखून ठेवतात. प्रत्येक पिंपाच्या वरच्या बाजूला चौकोनी तोंड असतं आणि ते उघडंच असतं, फक्त वर एक फडका टाकलेला. आमच्या आजीने हे पाहिलं असतं तर ती लगेच म्हणाली असती, ‘दादरा बांधलाय.’ लोणच्याच्या बरणीला आपण बांधतो तोच दादरा, तोच हेतू: हवा जाऊ दे, कचरा नको.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट, जिच्यासाठी मी लोकांना दुकानात न नेता माळ्यावर नेते. तिचं नाव ‘रिंकाल्त्सो’, म्हणजे भर घालणं. वर्षातून एकदा, थंडीत, सर्वांत छोट्या पिंपातून थोडासा रस काढून घेतात. हाच बाटलीत जाणारा. जितका काढला आणि जितका वर्षभरात उडून गेला, तितकी भर त्याच्या आधीच्या, थोड्या मोठ्या पिंपातून घालतात. त्या पिंपात जागा झाली, ती त्याच्याही आधीच्या पिंपातून भरतात. असं करत सर्वांत मोठ्या पिंपापर्यंत यायचं, आणि त्यात या वर्षीचा नवा शिजवलेला रस घालायचा. एकही पिंप कधी पूर्ण रिकामं होत नाही. म्हणजे छोट्या पिंपातल्या थेंबात गेल्या वर्षी वरून आलेलाही थोडा रस आहे आणि ते पिंप पहिल्यांदा भरलं तेव्हाचाही. एका संपूर्ण बात्तेरियातून वर्षाला हाती येतात ते काही मोजके लिटर. लोभाने जास्त काढलं तर पुढच्या पाच-दहा वर्षांची चव बिघडते, आणि ते कोणी बाहेरचा येऊन सांगत नाही, स्वतःच कळावं लागतं.

हे एकदा समोर पाहिलंत की ‘किती वर्षांचं आहे?’ या प्रश्नाला नेमकं उत्तर का नसतं ते ध्यानात येईल. एकाच थेंबात वेगवेगळ्या वर्षांचे रस मिसळलेत, त्याचं वय कसं सांगणार? म्हणूनच मोदेनाच्या डीओपी बाटलीच्या लेबलवर वर्षांचा आकडा छापायला परवानगीच नाही. प्रकार दोनच: किमान 12 वर्षांच्या मुरणीनंतरचा, ज्याला बोलीत ‘अफ्फिनातो’ म्हणतात, आणि किमान 25 वर्षांचा ‘एक्स्त्रावेक्कियो’, म्हणजे अतिजुना. हा शब्द लेबलवर येतो आणि बाटलीचं टोपण सोनेरी असतं. आणि नुसती वर्षं भरली म्हणून बाटली मिळत नाही. घरमालक आपला रस पाठवतो, पाच तज्ज्ञ चाखणारे तो कोणाचा आहे हे न कळता चाखून गुण देतात, आणि उतरला तरच तो मान्यताप्राप्त केंद्रात भरून सीलबंद होतो. नापास झाला तर परत पिंपात. माझ्या ओळखीच्या एका घरचा रस एकदा असा परत आला, तेव्हा त्या घरात दोन दिवस कोणी मोठ्याने बोलत नव्हतं.

याच कारणाने पर्यटकांच्या रस्त्यावरच्या दुकानात ‘25’ किंवा ‘30’ असा ठळक आकडा असलेली बाटली दिसली तर ती उचलू नका. तो आकडा कोणत्याही नियमात बसत नाही. मीसुद्धा पहिल्या वर्षी अशीच एक बाटली घरी पाठवायला घेतली होती, सुंदर लाकडी डबी, सोनेरी आकडा, आणि आत दाट केलेलं गोड सरबतासारखं काहीतरी. खरी बाटली ओळखायची खूण सोपी आहे. मोदेनाच्या डीओपीची बाटली सगळ्या घरांची एकसारखी, गोल पोटाची, चौकोनी तळाची, बहुतेक 100 मिलिची. ती मोटारींच्या आराखड्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या जोर्जेत्तो जुजारो यांनी घडवलीय. घराचं लेबल वेगळं असतं, पण बाटली तीच, आणि वर क्रमांक असलेलं सील. रेज्जो एमिलियाची बाटली वेगळ्या घाटाची असते आणि तिथे लाल, चंदेरी, सोनेरी असे तीन दर्जे आहेत.

आता कुठे जावं. मोठी, जुनी, नावाजलेली घरंही आहेत, त्यातलं जुस्ती हे घर 1605 पासूनचं सांगतात, तिथे संग्रहालयासारखी उत्तम मांडणी आहे. इतिहासात रस असेल तर तिथे जाणं चूक नाही. पण आई-बाबांबरोबर, पहिल्यांदाच जात असाल तर माझं मत स्पष्ट आहे: लहान घर निवडा, जिथे माळ्यावर नेणारा माणूस स्वतः पिंपं भरतो. त्याला सांगायला पाठ केलेलं भाषण नसतं. तुम्ही एखाद्या पिंपावर हात ठेवून विचारलंत तर ते पिंप कोणी घातलं, कधी दुरुस्त केलं, कोणत्या हिवाळ्यात गळायला लागलं, हे तो सांगेल. आणि पिंपांवर नावं असतात ती वाचा. मुलगी जन्मली की तिच्या नावाने बात्तेरिया सुरू करायची आणि ती लग्नात तिला द्यायची, अशी इथली जुनी रीत. मी ज्या घरी हिवाळ्यात मदतीला जाते तिथे एका रांगेवर खडूने एक नाव लिहिलेलं आहे, आणि त्या नावाची बाई आज स्वतः आजी आहे. दरवर्षी रिंकाल्त्सोच्या वेळी आपल्या रांगेतलं शेवटचं छोटं पिंप तीच भरते, दुसऱ्या कोणाला हात लावू देत नाही.

स्वतंत्र घरी जाणं जमलं नाही तर दोन जागा नक्की लक्षात ठेवा. मोदेनाच्या पियात्सा ग्रांदे चौकातल्या नगरपालिकेच्या इमारतीच्या माळ्यावर शहराची स्वतःची अचेताया आहे, आधी नोंदणी करून बघता येते. आणि मोदेनाच्या दक्षिणेला स्पिलाम्बेर्तो गावात पारंपरिक बाल्सॅमिकचं संग्रहालय आहे. ते ज्या वाड्यात आहे त्याचं नाव व्हिला फाब्रियानी. फ्रान्चेस्को अग्गात्सोत्ती या वकिलांनी 1862 मध्ये पिओ फाब्रियानी यांना पत्र लिहून आपल्या घरची पिंपं भरण्याची पद्धत तपशिलात सांगितली होती. आजची सगळी पद्धत बऱ्याच अंशी त्या पत्रावर उभी आहे. गावात चाखणाऱ्यांची एक जुनी संघटना आहे, कोन्सोर्तेरिया, आणि ती दरवर्षी 24 जूनच्या सेंट जॉनच्या सणाला घरगुती बाल्सॅमिकची स्पर्धा घेते. घरोघरच्या बायका-पुरुष छोट्या बाटलीत नमुना आणून देतात, विक्रीसाठी नव्हे, तर आपल्या माळ्यावरचा रस कसा जमलाय हे कळण्यासाठी. मला स्वतःला ही स्पर्धा या सगळ्या प्रदेशातली सगळ्यात देखणी गोष्ट वाटते.

तुमच्या तारखांमध्ये सप्टेंबरचा शेवटचा रविवार येत असेल तर त्या दिवशी ‘अचेताये आपेर्ते’ असतं, म्हणजे अनेक घरं सगळ्यांसाठी दारं उघडतात. वातावरण जत्रेसारखं असतं. पण बाबांचे गुडघे आणि गर्दी यांचा विचार करता मी सांगेन की आठवड्यातला साधा दिवस घ्या, सकाळी दहाची वेळ मागा, आणि मेलमध्येच लिहा की बरोबर वयस्कर माणूस आहे, माळ्यावर किती पायऱ्या आहेत. बऱ्याच घरांचे जिने लाकडी, उभे आणि अरुंद आहेत, लिफ्ट नसते. काही घरांनी मात्र पिंपं वेगळ्या, खालच्या इमारतीत, वरच्या मजल्याऐवजी कौलांखालच्या मोकळ्या कोठारात मांडलीयत, तिथे बाबा सहज येतील. विचारल्याशिवाय कळत नाही. बोलोन्याहून मोदेनाला रेल्वेने अर्धा तासही लागत नाही. पुढे शेतांमध्ये जायला मात्र टॅक्सी ठरवा आणि परतीची वेळही आधीच सांगून ठेवा, कारण गावात रस्त्यावर उभं राहून टॅक्सी मिळत नाही. भेटीचं शुल्क बहुतेक ठिकाणी माणशी साधारण 15 ते 30 युरो, काही छोटी घरं घेतही नाहीत.

चाखायला जाण्याआधी दोन गोष्टी पाळा. अत्तर लावू नका, आणि सकाळी बडीशेप, पान, मिंट असलं काही तोंडात टाकू नका. कॉफीही आधी नको, नंतर पिऊ. मला हे प्रत्येक गटाला सांगावं लागतं, आणि जे ऐकतात त्यांना खूप जास्त मिळतं.

माळ्यावरून खाली आल्यावर टेबलावर क्रमाने छोट्या बाटल्या ठेवलेल्या असतील. क्रम नेहमी कोवळ्यापासून जुन्याकडे. मधेच उडी मारून सगळ्यात जुनं मागू नका, कारण त्यानंतर कोवळ्याची चव जिभेला लागतच नाही. चमचा चिनी मातीचा किंवा प्लास्टिकचा असतो, धातूचा नाही, धातू चवीत येतो. आधी बघा. तज्ज्ञ लोक रस काचेच्या छोट्या चंबूत घेऊन मेणबत्तीच्या उजेडासमोर धरतात: किती दाट आहे, रंग कसा आहे, नितळ आहे का. चमचा थोडा तिरका करा, रस मधासारखा हळू सरकला पाहिजे, पण गोळा होऊन थांबायला नको. मोदेनाच्या नियमात घनता किमान 1.24 लागते, पाण्यापेक्षा जवळजवळ चौथाई जास्त, त्यामुळे हातात घेतलेली बाटलीसुद्धा वजनदार वाटते. मग वास घ्या, पण नाक खुपसू नका. थोड्या अंतरावरून दोनदा. पहिल्या वासात आम्ल झोंबतं, दुसऱ्या वासात लाकूड, सुकलेली द्राक्षं, मनुका, कधी चामडं, कधी जुनिपरची राळ. मग अर्ध्या चमच्याहून कमी रस जिभेच्या मध्यावर घ्या आणि टाळूला लावून काही क्षण तसाच ठेवा. गिळायची घाई नको.

इथेच 12 आणि 25 चा फरक तुमचा तुम्हाला कळेल. कोवळ्यात गोड आणि आंबट दोघं वेगवेगळे उभे असतात, एक आला मग दुसरा आला असं होतं. जुन्यात ते एकमेकांत विरघळलेले असतात. चवीची सुरुवात कुठे आणि शेवट कुठे हे सांगता येत नाही, आणि गिळल्यानंतर बराच वेळ तोंडात काहीतरी चालू राहतं. आपल्या गेल्या वर्षीच्या आणि पाच वर्षं मुरलेल्या लिंबाच्या लोणच्यात जो फरक असतो, तो आठवा. पण एक खरं सांगते: जुनं नेहमीच जास्त आवडेल असं नाही. माझ्या पाहुण्यांपैकी कित्येकांना 12 वर्षांच्या रसातली धार जास्त आवडते, आणि ते बरोबर आहेत. तिखट-आंबट जेवणावर वाढलेल्या मराठी जिभेला ती धार आपलीशी वाटते. ते अडाणीपणाचं लक्षण मानू नका.

आता आईंसाठी. बाल्सॅमिक स्वतः पूर्णपणे शाकाहारी आहे, द्राक्षांशिवाय त्यात काही नाही. आंबण्याच्या मधल्या टप्प्यात अल्कोहोल तयार होतो आणि पुढे त्याचं आम्ल होतं. ज्यांना आंबवलेलं काहीच चालत नाही त्यांनी आपापल्या नेमाप्रमाणे ठरवावं. अडचण रसाची नाही, रसाबरोबर जे देतात त्याची आहे. चाखणीत जवळजवळ हमखास पार्मिज्यानो रेज्ज्यानो चीजचे तुकडे येतात, आणि ते चीज वासराच्या पोटातल्या रेनेटने विरजलेलं असतं. हा नियमाचाच भाग आहे, म्हणून सगळं पार्मिज्यानो तसंच असतं. त्याचप्रमाणे गरम गरम ‘न्योक्को फ्रित्तो’ पुढे येतो, दिसायला पुरीसारखा, आई हात पुढे करणारच, पण तो पारंपरिक पद्धतीने डुकराच्या चरबीत तळतात. छोट्या भाकरीसारख्या तिजेल्लांमध्येही आत चरबीचा ठेचा भरलेला असतो. म्हणून नोंदणी करतानाच लिहा की एका व्यक्तीला मांस, चरबी आणि रेनेटचं चीज काहीच चालत नाही. मग घरची मंडळी पाव, फळं, उकडलेला बटाटा आणि आइस्क्रीम ठेवतात, आणि माझ्या मते तीच चाखण्याची खरी उत्तम सोबत आहे. साध्या दुधाच्या आइस्क्रीमवर जुन्या बाल्सॅमिकचे चार थेंब आईंना देऊन बघा. चीज न खाल्ल्याने त्यांचं काहीही हुकलेलं नसेल.

भेटीत थोडा इतिहासही सांगतील, तो ऐकताना सन लक्षात ठेवण्याची गरज नाही, पण दोन गोष्टी जाणून असाल तर मजा येते. 1046 मध्ये जर्मन राजा तिसरा हेन्री इटलीत आला तेव्हा त्याने कानोस्साच्या बोनिफाचो या सरदाराकडे तिथल्या प्रसिद्ध व्हिनेगरची मागणी केली, असा उल्लेख दोनित्सो नावाच्या भिक्षूच्या लॅटिन काव्यात आहे. आणि ‘बाल्सामिको’ हा शब्द मोदेनाच्या एस्ते घराण्याच्या कोठारवहीत 1747 मध्ये पहिल्यांदा दिसतो. ‘बाल्साम’ म्हणजे औषधी लेप, आणि खरोखर त्या काळी ते औषध म्हणून जास्त वापरत. 2012 च्या मे महिन्यातल्या भूकंपाचा विषय मात्र तुम्ही हळुवार काढा. त्या धक्क्यांनी काही माळ्यांवरच्या रांगा कोसळल्या आणि पिढ्यान् पिढ्या भरत आणलेला रस जमिनीवर गेला. काहींसाठी ते अजूनही ताजं आहे.

खरेदीबद्दल. गळ्यात मारण्याची भीती बाळगू नका, चांगल्या घरात कोणी आग्रह करत नाही. किमती साधारण अशा: डीओपीच्या 100 मिलिला 12 वर्षांच्या प्रकारासाठी 45 ते 60 युरो, एक्स्त्रावेक्कियोसाठी 80 ते 120 किंवा वर. महाग वाटेल, पण थेंबांनी वापरतात, वर्षभर पुरतं. चार जणांच्या कुटुंबाने 12 वर्षांची एक बाटली घ्यावी आणि जुन्याची चव टेबलावरच मनसोक्त घ्यावी, असा माझा सल्ला. त्याच घराकडे आयजीपीही मिळालं तर रोजच्यासाठी तेही घ्या. त्याच्या लेबलवर घटकांमध्ये द्राक्षाचा रस वाइन व्हिनेगरच्या आधी लिहिलेला असेल तर ते चांगलं. बाटली मोठ्या सामानात, कपड्यांत गुंडाळून ठेवा.

घरी आणल्यावर फ्रिजमध्ये ठेवू नका आणि मसाल्याच्या डब्याशेजारीही नको. झाकण घट्ट लावा, ती वर्षानुवर्षं राहते. गॅसवर चढवलेल्या पदार्थात कधीही घालू नका, ताटात वाढल्यावर वरून थेंब टाका. महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरी बाजारात आल्या की अर्ध्या कापून त्यावर दोन-तीन थेंब टाकून पाच मिनिटं ठेवा आणि मग खा. मी दर वेळी सुट्टीला कोल्हापूरला जाते तेव्हा हेच करते, आणि आमच्या घरची लहान मुलं थेंब मोजून वाटून घेतात.

माळ्यावर गेल्यावर मालकाला एक प्रश्न विचारा, इटालियन येत नसलं तरी एवढं म्हणता येईल: ‘क्वान्दो फाते इल रिंकाल्त्सो?’ म्हणजे तुम्ही भर कधी घालता? जो खरोखर स्वतः पिंपं भरतो तो थबकेल, तुमच्याकडे बघेल, आणि तुम्हाला त्या कोपऱ्यातल्या छोट्या पिंपापाशी घेऊन जाईल. फडका बाजूला करून वास घ्यायला सांगितलं, तर बाबांना आधी वाकू द्या.